बडतर्फ कामगारांचे निवाडे : उच्च न्यायालयातील तपासणी (सोलापूर)

कामावरून काढलेल्या कामगाराच्या प्रकरणात कामगार न्यायालयाने दिलेला निवाडा कायद्याला धरून आहे का, हे उच्च न्यायालय राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ व २२७ खाली तपासते. २१ नोव्हेंबर २०२५ पर्यंत लागू असलेल्या औद्योगिक विवाद अधिनियम, १९४७ मध्ये अशा निवाड्यावर अपिलाची सोय नव्हती. म्हणून मालक असो की कामगार, हरलेल्याला रिट याचिकाच करावी लागते. महाराष्ट्राच्या १९७१ च्या अनुचित कामगार प्रथा प्रतिबंधक कायद्याखालची तक्रार (मुदत ९० दिवस) असेल, तर आधी कलम ४४ प्रमाणे औद्योगिक न्यायालयात पुनरीक्षण (फेरतपासणी) अर्ज करतात.

सोलापूर जिल्ह्याच्या याचिका पूर्वी मुंबईला दाखल होत. १८ ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाचे कोल्हापूरचे सर्किट बेंच (मुख्य ठिकाणाबाहेर बसणारे पीठ) त्या ऐकते. कामगाराचा एका खेपेचा खर्च आणि बुडणारी मजुरी पाहता हा बदल लहान नाही.

उच्च न्यायालयात साक्षीपुरावा नव्याने होत नाही. कायद्याची उघड चूक, पुराव्याशिवाय काढलेला निष्कर्ष, ग्राह्य पुरावा डावलणे किंवा बाजू मांडू न देणे, एवढ्यावरच हस्तक्षेप होतो. ‘पुराव्याचा दुसरा अर्थही निघतो’ हा मुद्दा तिथे चालत नाही. त्यामुळे याचिकेचे भवितव्य बहुतेक वेळा सोलापुरातल्या उलटतपासणीतच ठरलेले असते.

यंत्रमाग कारखान्यातल्या खटल्यात हे ठळक दिसते. नेमणूकपत्र नाही, पगारपावती नाही, हजेरीची वही मालकाकडे. काढण्याआधीच्या १२ महिन्यांत २४० दिवस काम केल्याचे शाबीत करण्याची पहिली जबाबदारी मात्र कामगाराची. नुसते शपथपत्र पुरत नाही. हजेरीपत्रक व पगारपत्रक हजर करायला लावण्याचा लेखी अर्ज वेळेत द्यावा, त्यावर हुकूम घ्यावा. हुकूम होऊनही कागद आले नाहीत, तर न्यायालय मालकाविरुद्ध अनुमान काढू शकते. अर्जच केला नसेल, तर ही उणीव रिटमध्ये भरून निघत नाही. २४० दिवस सिद्ध झाले, की कामगार-कपातीसाठी १९४७ च्या अधिनियमाचे कलम २५फ लागू होते : एक महिन्याची नोटीस किंवा तिचा पगार, आणि सेवेच्या प्रत्येक पूर्ण वर्षामागे १५ दिवसांचे सरासरी वेतन. ही रक्कम कामावरून काढतानाच द्यायची असते; मागाहून धनादेश पाठवून दोष धुतला जात नाही.

गैरवर्तनाच्या प्रकरणात खात्यांतर्गत चौकशी रीतसर झाली का, यावर आधी ‘भाग १’ निवाडा होतो. चौकशी सदोष ठरली तरी मालकाला न्यायालयासमोर गैरवर्तन शाबीत करता येते. मात्र तशी मुभा साधारणपणे लेखी म्हणण्यातच मागून ठेवावी लागते. या टप्प्यावर रिट करून खटला अडवू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने १९७५ मध्येच बजावले आहे. कलम ११अ प्रमाणे कामगार न्यायालय जड शिक्षा कमी करू शकते, पण कारणे न लिहिता ती कमी केली, तर निवाडा वर टिकणे कठीण.

मागील पगाराबाबत (काढल्यापासून बुडालेला पगार) २०१३ चा दीपाली सुर्वसे खटला महत्त्वाचा. बडतर्फी बेकायदा ठरल्यास मागील पगारासह कामावर घेणे हा सर्वसाधारण नियम. आपण इतरत्र कमावत नव्हतो, हे कामगाराने सांगायचे. ते खोडून काढण्याचे ओझे मग मालकावर. रोजंदारी कामगारांना मात्र पुष्कळदा पुनर्नियुक्तीऐवजी एकरकमी भरपाई मिळते.

कामावर घेण्याच्या निवाड्याला मालकाने आव्हान दिले, तर याचिका प्रलंबित असेपर्यंत कलम १७ब प्रमाणे शेवटच्या पगाराच्या दराने पगार मिळत राहतो. त्यासाठी बेकारीचे शपथपत्र लागते. काढलेला कामगार दुसऱ्या मागावर पुरेशा पगारावर लागल्याचे मालकाने दाखवले, तर हा हक्क जातो. म्हणून शपथपत्रात खरे तेच लिहावे. साक्षी मराठीत झालेल्या असतात आणि उच्च न्यायालयाला त्यांचे इंग्रजी भाषांतर द्यावे लागते. ते मुळाशी ताडून पाहिलेच पाहिजे.

२१ नोव्हेंबर २०२५ पासून १९४७ च्या अधिनियमाच्या जागी औद्योगिक संबंध संहिता, २०२० लागू आहे; वरची २५फ, ११अ आणि १७ब ही कलमे त्या जुन्या अधिनियमाची आहेत. बडतर्फीचा वाद नेण्याची मुदत तिने तीनवरून दोन वर्षांवर आणली. रिटचा अधिकार घटनेतून येत असल्याने तो कायम आहे.