बिलातली सूट आयोगाची की सरकारची?

जळगाव एमआयडीसीतला चटईचा प्लांट असो, डाळ मिल असो की धुळ्याचं तेलाचं युनिट. एचटी (उच्च दाबाच्या जोडणीचं) वीजबिल हातात पडलं की नजर आधी वजा रकमांवर जाते. अशा ओळी दोन-तीन असतात आणि मालकाच्या तोंडी सगळ्यांचं नाव एकच, सबसिडी. एखादी ओळ गायब झाली की तो म्हणतो, "सबसिडी बंद केली, आता केसच टाकतो." जरूर टाकावी. पण गेलेली ओळ लोड फॅक्टरची (करारातल्या क्षमतेच्या किती टक्के वीज प्रत्यक्ष वापरली, त्यावरच्या सुटीची) होती की सरकारी अनुदानाची, हे न बघता टाकलेली केस भलत्याच दारात जाते आणि दोन वर्षं तिथेच संपतात.

लोड फॅक्टरची सूट येते वीज नियामक आयोगाच्या दर आदेशातून. वीज कायदा २००३ च्या कलम ६२ प्रमाणे आयोग ग्राहकाग्राहकांत फरक करू शकतो, पण लोड फॅक्टर, पॉवर फॅक्टर, व्होल्टेज, वापराची वेळ अशा कायद्यात दिलेल्या कारणांवरच. आपल्या राज्यातल्या दर आदेशांत वर्षानुवर्षं चालत आलेलं सूत्र असं की, लोड फॅक्टर ७५ टक्क्यांच्या वर गेला की ८५ पर्यंत दर टक्क्याला वीज आकारात ०.७५ टक्का सूट, त्यापुढे दर टक्क्याला १ टक्का, आणि सगळं मिळून जास्तीत जास्त १५ टक्के. ५०० केव्हीए मागणीचा करार असलेल्या कारखान्याचा ३० दिवसांचा महिना धरा. पूर्ण क्षमता (५०० × ७२० तास) ३,६०,००० युनिट. वापर ३,०६,००० झाला तर लोड फॅक्टर ८५ टक्के आणि सूट साडेसात टक्के. चटईच्या प्लांटमधल्या, प्लास्टिक वितळवून ओढणाऱ्या, रात्रंदिवस चालणाऱ्या एक्स्ट्रूडरला हे जमतं.

मात्र दोन मुख्य अटी आहेत. थकबाकी नको, आणि महिन्यात कॉन्ट्रॅक्ट डिमांड (करारात ठरलेली कमाल मागणी, इथे ५०० केव्हीए) ओलांडायची नाही. लाइट गेली, आली, ऑपरेटरने सगळ्या मशीनचे हीटर एकदम लावले आणि डिमांड ५१० झाली, की त्या महिन्याची सूट गेली. इथे भांडण असतं ते आकड्यांचं. डिमांडची नोंद बरोबर आहे का? लाइट किती तास नव्हती? (महिन्यात ६० तासांवर गेलेला खंड हिशेबातून वगळला जातो, हे पुष्कळांना ठाऊकच नसतं.) म्हणून मीटरचा एमआरआय डेटा (मीटरमधून उतरवून घेतलेल्या नोंदी) आणि फीडर, म्हणजे तुम्हाला वीज देणारी वाहिनी, बंद असल्याच्या नोंदी हाच पुरावा. दार ग्राहक तक्रार निवारण मंचाचं; कारण घडल्यापासून दोन वर्षांच्या आत. तिथे हरलात तर ६० दिवसांत विद्युत लोकपाल. सूत्रच अन्यायाचं वाटत असेल तर मंच काही करू शकत नाही. त्यासाठी आयोगापुढे दर ठरत असतानाच हरकत नोंदवायची आणि आदेशाविरुद्ध ४५ दिवसांत दिल्लीच्या अपिलीय न्यायाधिकरणात जायचं.

अनुदानाची ओळ सरकारी तिजोरीतून येते. विदर्भ, मराठवाडा, उत्तर महाराष्ट्र आणि डी, डी प्लस (औद्योगिकदृष्ट्या मागास ठरवलेल्या) क्षेत्रातल्या उद्योगांसाठी राज्याने ती २०१६ पासून सुरू केली, आणि उत्तर महाराष्ट्रात आपला खान्देश आला. तुम्ही शासन निर्णयात बसता, तरी हिशेब चुकला, तर मंचाकडे जाता येतं. पण सरकारने पैसेच दिले नाहीत तर? कलम ६५ म्हणतं की अनुदानाची रक्कम सरकारने आगाऊ द्यायची. दिली नाही तर आयोगाचे मूळ दर लागू. म्हणजे पूर्ण दराने बिल काढणारी वीज कंपनी कायद्यानेच चाललेली असते. ऑर्डरचा भाव अनुदान धरून दिलेल्या छोट्या कारखानदाराला यात फार सोसावं लागतं, आणि आगाऊ पैसे देणं हे सरकारचं कर्तव्य आहे असंच मला वाटतं. सरकारच्या निर्णयाविरुद्ध रिट करायची तर खान्देशासाठी औरंगाबाद खंडपीठ.

तिथे जिंकाल का? सर्वोच्च न्यायालयाचे दोन निकाल शेजारी ठेवून वाचा. पवन अलॉइज प्रकरणात (१९९७) उत्तर प्रदेशच्या वीज मंडळाने नव्या उद्योगांना तीन वर्षं १० टक्के रिबेट (सूट) देऊ केला होता आणि मध्येच काढून घेतला. त्या शब्दावर भरवसा ठेवून आधीच उभ्या राहिलेल्या कारखान्यांना उरलेल्या मुदतीचा रिबेट न्यायालयाने मिळवून दिला. श्री सिद्धबली स्टील्स प्रकरणात (२०११) त्याच राज्यातल्या डोंगरी भागाचा ३३.३३ टक्के रिबेट गेला, आणि सार्वजनिक हितासाठी तो काढता येतो असं न्यायालयाने म्हटलं. त्यामुळे वकिलाकडे जाताना नुसतं बिल नेऊ नका. शासन निर्णयात मुदत लिहिलेली होती का, आणि तुमचं कर्ज, मशीनची ऑर्डर, जोडणीचा अर्ज त्यानंतरचे आहेत का, ते कागद बरोबर घ्या.

कारखान्याच्या जोडणीवर दुकान किंवा दुसरा वापर होतो असं वीज कंपनीने ठरवून वीज कायद्याच्या कलम १२६ खाली आकारणी झाली असेल, तर ते प्रकरण या दोन्हींत मोडत नाही. मंच ते ऐकतच नाही. अंतिम आदेशापासून ३० दिवसांत कलम १२७ खाली अपील करावं लागतं, आणि आकारलेली निम्मी रक्कम भरल्याशिवाय ते दाखल होत नाही.