अंगठी, सिंह आणि सासष्टीतलं पुराण

जे. आर. आर. टॉल्किनच्या ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’मध्ये देऊळ नाही, चर्च नाही, पुरोहित नाही; प्रार्थनाही जवळजवळ नाही. पण शेवटच्या परिशिष्टातली तारीखवार नोंद उघडून बघा. कथा एका दुष्ट शक्तीची अंगठी नष्ट करण्याची. ती अंगठी आगीत पडते तो दिवस २५ मार्च, आणि त्या कामगिरीवरचे नऊ जण रिव्हेंडेल या ठिकाणाहून निघतात तो २५ डिसेंबर. गोव्यात डिसेंबरची तारीख कुणाला समजावून सांगायला नको. मार्चची मात्र शेजारच्या ख्रिस्ती घरात विचारावी लागेल. देवदूताने मारियेला निरोप दिला तो हा दिवस, नाताळाच्या बरोबर ९ महिने आधीचा. टॉल्किन कथेत याबद्दल अवाक्षर काढत नाही. १९५३ साली रॉबर्ट मरी या जेझुइट (कॅथलिक धर्मगुरूंचा एक संघ) मित्राला लिहिलेल्या पत्रात मात्र तो सांगतो की हे पुस्तक मुळातच धार्मिक, कॅथलिक आहे, आणि म्हणूनच पूजापाठासारखं दिसणारं बहुतेक सगळं आपण त्यातून काढून टाकलं.

श्रद्धा असूनही तिचं नाव न घेण्याची ही रीत त्याला जुन्या काव्यात सापडली होती. २५ नोव्हेंबर १९३६ रोजी ब्रिटिश अकादमीत त्याने ‘बेओवुल्फ’ या जुन्या इंग्रजी वीरकाव्यावर व्याख्यान दिलं. तोवर विद्वान त्या काव्यातून इतिहास शोधत, राक्षस आणि ड्रॅगन म्हणजे भरताड समजत. टॉल्किन म्हणाला, राक्षस हाच काव्याचा गाभा. पण त्याचं खरं कुतूहल कवीबद्दल होतं. कवी ख्रिस्ती, नायक मूर्तिपूजक पूर्वज. कवी त्यांना नरकात ढकलत नाही, त्यांचे देवही परत आणत नाही. हरणार हे ठाऊक असून लढणाऱ्या त्या माणसांचा मोठेपणा तो नव्या श्रद्धेच्या उजेडात पाहतो.

आपल्याकडे हेच नातं फार वेगळ्या तऱ्हेने घडलं, आणि ते कुणी हौसेने निवडलेलं नव्हतं.

सोळाव्या शतकाच्या उत्तरार्धात पोर्तुगीजांच्या ताब्यातल्या गोव्याच्या सासष्टीतली देवळं पाडली गेली. केळशीची शांतादुर्गा आणि कुठ्ठाळीचा मंगेश जुवारी नदी ओलांडून अंत्रुजात (आजच्या फोंड्यात) आले, कारण अंत्रुज तेव्हा पोर्तुगीजांच्या ताब्यात नव्हतं. याच केळशीच्या कृष्णदास शामाने १५२६ साली कृष्णचरित्र ओवीत रचलं होतं. पणजीत पाटोवरच्या ग्रंथालयाला आज त्याचं नाव आहे. देव नदीपार गेले. मागे राहिलेल्या आणि बाटलेल्या माणसांना पुराणं वाचायची बंदी झाली. पोथ्या गेल्या, पण ओवीला सरावलेले कान तेच राहिले.

या कानांसाठी लिहिणारा माणूस इंग्रज होता. एलिझाबेथ राणीच्या इंग्लंडमध्ये कॅथलिकांना जगणं अवघड झालं होतं. त्यांच्यापैकी थॉमस स्टीफन्स जेझुइट झाला आणि १५७९ साली गोव्यात आला. १६१६ साली राशोलला त्याचं ‘ख्रिस्तपुराण’ छापून झालं. सुमारे ११ हजार ओव्या, मराठी, लिपी रोमन. काव्याच्या आरंभी नवख्रिस्ती झालेला एक ब्राह्मण विचारतो की जुनी पुराणं तुम्ही बंद केलीत, मग आम्ही वाचायचं काय? त्या प्रश्नाचं उत्तर म्हणून सगळं काव्य उभं राहतं. स्वर्ग तिथे वैकुंठ होतो, बायबल पुराण होतं. आदम-हव्वेच्या पतनावरच्या ‘पॅराडाइज लॉस्ट’ या इंग्रज कवी मिल्टनच्या काव्याच्या ५१ वर्षं आधीची ही गोष्ट. (मिल्टनचे आदम-हव्वा लाज झाकायला ज्या झाडाची पानं घेतात ते अंजिराचं नव्हे, ‘मलबार आणि दख्खन’मध्ये पारंब्या सोडणारं, म्हणजे आपला वड.)

स्टीफन्स आणि टॉल्किन या दोघांना शेजारी बसवलं की फँटसीतल्या धर्माबद्दलचा अर्धा गोंधळ मिटतो, असं माझं मत. दोघेही मायदेशात अल्पसंख्य ठरलेले कॅथलिक. टॉल्किनच्या आईने १९०० साली धर्म बदलला तेव्हा नातेवाइकांनी मदतीचा हात काढून घेतला. १९०४ साली ती गेली आणि तिचा हा मुलगा तिला आयुष्यभर हुतात्मा मानत राहिला. पण स्टीफन्सने जुनं भांडं ठेवून आतला पदार्थ बदलला. टॉल्किनने पदार्थही जुनाच ठेवला; एल्फ, बुटके, ड्रॅगन, शापित सोनं, सगळं उत्तर युरोपातलं. बदलला तो न्याय. डोंगराच्या कड्यावर अंगठी वाहून आणणारा फ्रोडो, हॉबिट या ठेंगण्या जमातीतला नायक, हरतो, अंगठी टाकायला नकार देतो. काम तडीस जातं ते अंगठीच्या हव्यासाने झुरणाऱ्या गॉलमवर आधी दाखवलेल्या दयेमुळे. उत्तरेकडच्या जुन्या वीरकथेत असा शेवट झाला नसता.

दुष्टपणाबद्दलही तसंच. आरंभी काहीच वाईट नसतं, अंगठीचा दुष्ट मालक सावरॉनही नव्हता, असं टॉल्किनच्या कादंबरीत एल्रॉन्ड हा जाणता एल्फ सांगतो; हा थेट ख्रिस्ती धर्मचिंतक सेंट ऑगस्टिनचा विचार. आपल्या पुराणातला असुर तप करून रीतसर वर मिळवतो आणि मग माजतो. आणि दशावतारी काल्यात संकासुर येतो तेव्हा लोक आधी हसतात. सावरॉनला हसणारं त्या कादंबरीत कुणी नाही. मला ती तिची उणीव वाटते.

पात्राच्या नावातच अर्थ लिहून ठेवणारी जुनी रूपककथा टॉल्किनला आवडत नसे. जॉन बन्यनचं १६७८ सालचं ‘पिल्ग्रिम्स प्रोग्रेस’ हा तिचा ठळक नमुना. मिशनऱ्यांच्या काळात, १८४१ साली, हरी केशवजींनी ते ‘यात्रिक क्रमण’ म्हणून मराठीत आणलं.

टॉल्किनचा लेखक मित्र सी. एस. लुईस १९३१ साली ख्रिस्ती श्रद्धेकडे परतला. त्याला कारण झालेल्या रात्रभराच्या गप्पांत टॉल्किन होता. नार्नियाची सात पुस्तकं १९५० ते १९५६ या काळात आली. लुईस म्हणे, हे रूपक नाही. असं एखादं जग असतं आणि देवाचा पुत्र तिथे सिंह होऊन आला असता तर काय झालं असतं, एवढीच कल्पना. टॉल्किनला नार्नियातली निरनिराळ्या पुराणकथांची सरमिसळ रुचली नाही. शेवटच्या भागात एमेथ नावाचा परका सैनिक भेटतो. जन्मभर त्याने टाश या दुसऱ्याच देवाची मनोभावे सेवा केली. सिंह त्याला म्हणतो, तुझी सेवा माझ्याकडेच रुजू झाली. सोळाव्या शतकातल्या गोव्यात एवढीही जागा नव्हती, हे आधी मान्य करू. पण टाश मात्र राक्षसच राहतो, आणि त्याचे भक्त सावळे, दाढीवाले, फेटे बांधणारे, वाकड्या तलवारींचे. भक्ताला माफी आणि त्याच्या देवाला नाही, हे आपल्याकडच्या वाचकाच्या नजरेतून सुटणार नाही.

राजकारणात ही पुस्तकं कुणाच्याही हाती गेली. १९६०च्या दशकात अमेरिकेतल्या विद्यापीठांत ‘फ्रोडो जिवंत आहे’ असे बिल्ले लावून मुलं हिंडली. १९७७ साली इटलीतल्या नवफॅसिस्ट पक्षाच्या तरुणांनी आपल्या शिबिराला हॉबिटांचंच नाव दिलं. टॉल्किनचं स्वतःचं म्हणाल, तर १९३८ साली जर्मन प्रकाशकाने त्याला ‘तुम्ही आर्य का’ असं विचारलं होतं. उत्तराच्या मसुद्यात त्याने लिहिलं की आर्य म्हणजे भारत-इराणी असेल, तर माझ्या पूर्वजांपैकी कुणी हिंदुस्तानी किंवा फारसी बोलत असल्याचं मला ठाऊक नाही, आणि ज्यूंबद्दल विचारायचं असेल तर त्या गुणी लोकांशी माझं नातं नाही याचा खेद आहे. अंगठी म्हणजे अणुबाँब, हा अर्थही त्याने नाकारला. खऱ्या युद्धावर कथा बेतली असती, तर अंगठी नष्ट न करता शत्रूवरच वापरली असती, असं त्याचं प्रस्तावनेतलं म्हणणं. लेखक अर्थ लादतो ते रूपक, वाचक स्वतः लावून पाहतो तो वेगळा, हा त्याचा मुद्दा.

मराठी प्रेक्षकाला दुसऱ्या टोकाचं उदाहरण परकं नाही. कृष्णाजी प्रभाकर खाडिलकरांचं ‘कीचकवध’ १९०७ साली रंगभूमीवर आलं. कीचक म्हणजे लॉर्ड कर्झन, द्रौपदी म्हणजे देश, युधिष्ठिर म्हणजे मवाळ, भीम म्हणजे जहाल. किल्ली लेखकानेच प्रेक्षकांच्या हाती दिली होती आणि ती सरकारलाही सापडली. १९१० साली नाटकावर बंदी आली. रूपक कमअस्सल असतं, हे टॉल्किनचं मत इथे लंगडं पडतं.

१९६८ साली अमेरिकन लेखिका उर्सुला ले ग्विनने देव आणि सैतान दोघांनाही वगळलं. तिच्या ‘अर्थसी’तला जादूगार गेड तांबूस तपकिरी कातडीचा. त्याचा पाठलाग करणारी सावली त्याचीच निघते, आणि तो तिला मारत नाही, स्वतःच्याच नावाने हाक मारतो. मागे चिनी ताओ विचार आहे. पुढे तिने ‘ताओ ते चिंग’ची स्वतःची इंग्रजी आवृत्तीही काढली. इंग्रज लेखक फिलिप पुलमनने १९९५ ते २००० दरम्यानच्या तीन कादंबऱ्यांत मिल्टनलाच उलटा केला. देव म्हणवणारा म्हातारा तिथे इतका जीर्ण आहे की पेटीबाहेर येताच वाऱ्यात विरून जातो. त्यावर लंडनच्या नॅशनल थिएटरने नाटक केलं. २००४ साली ते पाहून कँटरबरीचे आर्चबिशप रोवन विल्यम्स यांनी त्याची स्तुती केली, आणि शाळेतल्या धर्मशिक्षणात मुलांना ही पुस्तकं वाचायला द्यावीत असंही सुचवलं.