व्हिक्टोरियन कादंबरी: अभ्यासक आणि लेखक एकमेकांच्या मागे

आज व्हिक्टोरियन काळावर (म्हणजे इंग्लंडच्या व्हिक्टोरिया राणीचा काळ, १८३७ ते १९०१) इतक्या नव्या कादंबऱ्या येतात की तो काळ कायमच फॅशनमध्ये होता असं वाटावं, पण पहिल्या महायुद्धानंतर त्या पिढीची टर उडवणं हीच फॅशन होती आणि चरित्रकार लिटन स्ट्रेचीच्या १९१८च्या 'एमिनंट व्हिक्टोरियन्स' या पुस्तकाने ती पक्की केली. १९४८ मध्ये समीक्षक एफ. आर. लीव्हिस मोठ्या इंग्रजी कादंबरीकारांची परंपरा मांडायला बसले तर डिकन्सची जेमतेम एक कादंबरी, 'हार्ड टाइम्स', त्यात आली! (१९७० मध्ये त्याच लीव्हिसनी बायकोसोबत डिकन्सवर आख्खं पुस्तक काढलं, असो.)

वारं फिरलं ते १९५७च्या आसपास. अमेरिकेत इंडियाना युनिव्हर्सिटीतून 'व्हिक्टोरियन स्टडीज' जर्नल सुरू झालं, मग १९६६ मध्ये अभ्यासक स्टीव्हन मार्कसने 'द अदर व्हिक्टोरियन्स'मध्ये त्या सोवळ्या समाजाचं चोरून छापलेलं अश्लील साहित्य उघड्यावर आणलं.

आणि त्याच वर्षी जीन ऱ्हीसची 'वाइड सरगॅसो सी' ही कादंबरी आली. माझ्या मते खरी उलथापालथ हीच. शार्लट ब्राँटेच्या 'जेन एअर' कादंबरीमध्ये (१८४७) नायक रॉचेस्टरची पहिली बायको बर्था जमैकाची, वेडी म्हणून माळ्यावर कोंडलेली, तिला स्वतःचं म्हणून काही बोलायलाच मिळत नाही. ऱ्हीस स्वतः कॅरिबियनमधल्या डॉमिनिकाची, तिने या बाईला तिचं लहानपण, तिचं घर, तिची बाजू सगळं दिलं. अभ्यासक नंतर आले. १९७९ मध्ये गिल्बर्ट आणि गुबार या समीक्षक म्हणाल्या की बर्था म्हणजे नायिका जेनचाच दाबलेला राग, तर १९८५ मध्ये अभ्यासक गायत्री स्पिव्हाकनी विचारलं की जेनचं कौतुक ठीक आहे पण यात ब्रिटिश साम्राज्य कुठे गेलं, आणि हे विचारताना ऱ्हीसची कादंबरी समोर होतीच.

पुढे उलटंही झालं, अभ्यासकच कादंबऱ्या लिहू लागले. ए. एस. बायट लंडनला कॉलेजात शिकवायच्या, त्यांच्या 'पझेशन'चे (१९९०, बुकर) नायक-नायिका तर चक्क संशोधकच. सारा वॉटर्स पीएचडी करून कादंबरीकडे वळली, आणि तिच्या 'फिंगरस्मिथ'मधला (२००२) घाणेरड्या पुस्तकांची सूची करत बसलेला मामा हेन्री स्पेन्सर ॲशबी या खऱ्या संग्राहकावरून घेतलाय, ज्याच्यावर मार्कसने १९६६ मध्येच प्रकरण लिहिलं होतं. २००८ पासून अशा कादंबऱ्यांसाठीच 'निओ-व्हिक्टोरियन स्टडीज' नावाचं जर्नल निघतंय, त्यामुळे आता वॉटर्सवरही पेपर लिहिले जातात. कधीकधी मात्र वाटतं, यातल्या काही कादंबऱ्या वाचकासाठी कमी आणि सिलॅबससाठी जास्त लिहिल्यात.