मीठ बाहेर, साखर आत

आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, लेकी माहेरी आल्या की खानदेशात अजूनही काही घरांत पॉटचं आईस्क्रीम होतं: लाकडी बादलीत बर्फ, मधे दांड्याने फिरणारा धातूचा डबा आणि त्यात आईस्क्रीमचं मिश्रण. दांडा फिरवायला पोरांची झुंबड उडते आणि कुणीतरी जाणतं माणूस हमखास सांगतं, "बर्फात खडे मीठ टाका, म्हणजे बर्फ टिकेल." घडतं मात्र नेमकं उलट. मिठामुळे बर्फ जास्त भराभर वितळतो, आणि तो वितळतो म्हणूनच आतलं आईस्क्रीम गोठतं.

बर्फ आणि पाणी शून्य अंशाला एकत्र असले की दोन्हीकडून ये-जा चालू असते. बर्फातले रेणू सुटून पाण्यात येतात, पाण्यातले रेणू बर्फाला जाऊन चिकटतात. पाण्यात मीठ विरघळलं की चिकटायला जाणारे कमी होतात, सुटणारे तेवढेच राहतात. त्यामुळे बर्फ वितळत जातो. एक ग्रॅम बर्फ वितळायला ३३४ ज्यूल उष्णता लागते. बाहेर मे महिन्याचं ४५ अंशांचं ऊन असलं तरी लाकडी बादली ती उष्णता चटकन आत येऊ देत नाही. मग ती ओढली जाते खाऱ्या पाण्यातून, उरलेल्या बर्फातून आणि मधल्या धातूच्या डब्यातून. तीन भाग बर्फाला एक भाग मीठ घेतलं तर हे मिश्रण उणे २१ अंशांच्या जवळ जाऊ शकतं.

एवढी थंडी लागते कशाला? कारण डब्याच्या आत साखर आहे, आणि मीठ बाहेर जे करतं तेच साखर आत करते. यंदा लिंबू-नारळाचं करून पाहा. दोन नारळांचं दाट दूध, त्यात साखर, चार-पाच कागदी लिंबांचा रस आणि किसलेली थोडी हिरवी साल. गाईच्या दुधात एवढं लिंबू पिळलं तर ते फाटतं, कारण त्यातलं केसीन नावाचं प्रथिन आम्लात गोळा होतं. नारळाच्या दुधात केसीन नसतं. मिश्रण जरा फुटल्यासारखं वाटलं तर मिक्सरमधून काढा.

समजा मिश्रणात अर्धा लिटर पाणी आणि १७१ ग्रॅम साखर आहे. ते उणे २ अंशांच्या आसपास गोठू लागतं. पण गोठतं ते फक्त पाणी. साखर बर्फाच्या स्फटिकात शिरत नाही, मागे राहते. निम्मं पाणी गोठलं की उरलेला पाक दुप्पट घट्ट होतो आणि त्याचा गोठणबिंदू उणे ४ च्या पुढे सरकतो. पाऊण पाणी गोठेपर्यंत तो उणे १० च्या जवळपास पोहोचतो. म्हणून उणे १८ अंशांच्या फ्रीजरमध्येही आईस्क्रीमचा दगड होत नाही, स्फटिकांच्या मधे न गोठलेला पाक उरतोच. साखर हात आखडून घालणाऱ्यांचं आईस्क्रीम सुरीने फोडावं लागतं ते यामुळेच.

डब्याचं झाकण मधेच उघडलं तर कडेला पांढरा थर धरलेला आणि मध्यभागी पातळ दूध दिसतं. कडेचा थर खरवडून आत ढकलत राहिलं की स्फटिक मोठे व्हायच्या आतच मोडतात. पॉट नसेल तर पसरट भांडं फ्रीजरमध्ये ठेवून दर अर्ध्या तासाने काट्याने ढवळा. नारळाची चरबी साधारण २४ अंशांखाली थिजते, तिच्या गुठळ्या दिसल्या तर मिश्रण पुन्हा घुसळून मगच गोठवा.

गोठवलेलं लिंबू कर्करोग बरा करतं, केमोथेरपीपेक्षा हजारो पट प्रभावी आहे, असा एक मेसेज वर्षानुवर्षं व्हॉट्सॲपवर फिरतो आहे. त्याला कुठलाही आधार नाही. असल्या मेसेजपायी कुणी उपचार लांबवला तर जीव जातो. तो पुढे पाठवू नका.

उरलेलं आईस्क्रीम फ्रीजरच्या दारापाशी ठेवू नका, आत तळाशी ठेवा. लाईट गेली की बारीक स्फटिक आधी वितळतात, आणि लाईट आल्यावर ते पाणी मोठ्या स्फटिकांवर जाऊन गोठतं. दोन-चारदा असं झालं की दाताखाली कचकच लागते. तेव्हा ते पुन्हा पातळ करून, ढवळत ढवळत नव्याने गोठवावं लागतं.