हेवी मेटलवरील माहितीपट: मंचाकडून गर्दीकडे

छत्रपती संभाजीनगर, नांदेड किंवा लातूर येथील तरुणाला हेवी मेटल या रॉक संगीतप्रकाराची ओळख सहसा प्रत्यक्ष मैफलीतून होत नाही. मोठी मैफल ऐकायची तर पुणे, मुंबई नाहीतर बंगळूरू गाठावे लागते. त्यामुळे अभियांत्रिकीच्या वसतिगृहात पेन ड्राइव्हवरून, आणि अलीकडे मोबाइलवर, पाहिलेले माहितीपट हीच अनेकांची या संगीताशी पहिली भेट ठरली आहे. मेटल ऐकणाऱ्या माणसाकडे या चित्रपटांनी कोणत्या नजरेने पाहिले, हा प्रश्न म्हणूनच इथल्या प्रेक्षकाला दूरचा वाटू नये. १९८०च्या दशकात हा माणूस पडद्यावर हसण्याचा विषय होता, पुढच्या दशकात तो संशयित झाला, आणि त्याच्यातल्याच एकाने कॅमेऱ्यामागे उभे राहून आपली बाजू सविस्तर मांडायला २००५ साल उजाडावे लागले.

हे संगीत जन्मले ते इंग्लंडमधील बर्मिंगहॅम या कारखानदारीच्या शहरात. ब्लॅक सॅबथचा पहिला अल्बम १३ फेब्रुवारी १९७० रोजी प्रसिद्ध झाला. या बँडचा गिटारवादक टोनी आयोमी तरुणपणी पत्र्याच्या कारखान्यात कामाला होता, आणि तिथे कामाच्या शेवटच्याच दिवशी यंत्रात सापडून त्याच्या उजव्या हाताच्या दोन बोटांची टोके तुटली. वाळूजच्या प्रेस शॉपमध्ये काम केलेल्या माणसाला हा अपघात समजावून सांगावा लागत नाही. आयोमी डावखुरा असल्याने तारा दाबण्याचा हात नेमका तोच होता. त्याने प्लास्टिकची बाटली वितळवून बोटांसाठी टोपणे केली आणि पुढे तारा सैल करून वाद्याचा सूर खाली उतरवला. मेटलचा जड, खर्जातला आवाज काही अंशी त्या इजेतून घडला आहे. चित्रपटकारांना मात्र सुरुवातीला या कामगारवस्तीत फारसा रस नव्हता. त्यांना दिसले ते लांब केस, चामडी कपडे आणि मंचावरचा धूर.

त्या दिखाऊपणाची सर्वांत नेमकी थट्टा रॉब रायनर यांनी १९८४ मध्ये ‘धिस इज स्पायनल टॅप’ या चित्रपटात केली. माहितीपटाचा आव आणून एका काल्पनिक बँडची दौऱ्यावरची फजिती त्यात दाखवली आहे. आवाजाचे बटण दहाऐवजी अकरापर्यंत जाते म्हणून अभिमान बाळगणारा गिटारवादक याच चित्रपटातला. खऱ्या कलाकारांनाही त्यात आपले प्रतिबिंब दिसले, यातच त्याचे यश आहे. पेनेलपी स्फिअरिस यांचा १९८८चा ‘द डिक्लाइन ऑफ वेस्टर्न सिव्हिलायझेशन’ मालिकेतील दुसरा भाग खऱ्या माणसांचा असूनही त्याच सुरात बोलतो. वास्प या बँडचा गिटारवादक क्रिस होम्स जलतरण तलावात तरंगत्या खुर्चीवर बसून व्होडका स्वतःवर ओततो आणि काठावर त्याची आई बसलेली असते, हे दृश्य पाहवत नाही. ब्लॅक सॅबथचा मूळ गायक ऑझी ऑस्बोर्नच्या थरथरत्या हातातून संत्र्याचा रस सांडतो ते दृश्य बनावट होते, हे दिग्दर्शिकेने पुढे मान्य केले. हसवण्यासाठी सत्याला इतका हात लावायचा असेल, तर स्पायनल टॅपसारखी उघड कल्पितकथाच अधिक प्रामाणिक म्हणावी लागेल.

या दोघांच्या मधल्या काळात, १९८६ मध्ये, जेफ क्रुलिक आणि जॉन हेन यांनी केलेले काम वरकरणी अगदीच किरकोळ होते. ३१ मे रोजी मेरीलँडमधील लँडोव्हर येथे जुडास प्रीस्ट या मेटल बँडची मैफल होती. हे दोघे उसना कॅमेरा घेऊन सभागृहाबाहेरच्या वाहनतळावर गेले आणि आलेल्या पोरांशी बोलत सुटले. ‘हेवी मेटल पार्किंग लॉट’ जेमतेम सतरा मिनिटांचा आहे आणि त्यात मैफल दिसतच नाही. दिसतात ती गाड्यांच्या टपांवर बसलेली, बिअर पीत ओरडणारी, कॅमेरा पाहून अधिकच चेकाळणारी मुले. या फितीच्या प्रती वर्षानुवर्षे हातोहात फिरत राहिल्या. मेटलचा विषय मंचावर नसून त्याच्यासमोरच्या गर्दीत आहे, हे पडद्यावर प्रथम इतके स्पष्ट झाले ते इथे.

पण गर्दीकडे वळलेली नजर लवकरच कोर्टात पोहोचली. १९८५ मध्ये नेवाडा राज्यातील दोन तरुणांनी स्वतःवर गोळ्या झाडून घेतल्या. एक जागीच गेला, दुसरा विद्रूप होऊन तीन वर्षे जगला. जुडास प्रीस्टच्या गाण्यात दडलेल्या आदेशामुळे हे घडले, असा दावा कुटुंबीयांनी केला आणि १९९० मध्ये न्यायालयाने तो फेटाळला. डेव्हिड व्हॅन टेलर यांच्या ‘ड्रीम डिसीव्हर्स’मध्ये हा खटला आहे. त्याहून गंभीर प्रकरण अर्कान्सा राज्यातील वेस्ट मेम्फिसचे. १९९३ मध्ये तिथे आठ वर्षांच्या तीन मुलांची हत्या झाली आणि तीन किशोरवयीन तरुणांना दोषी ठरवण्यात आले, त्यांपैकी एकाला मृत्युदंडाची शिक्षा झाली. काळे कपडे, मेटल ऐकण्याची आवड आणि सैतानपूजेचा संशय यांचा उल्लेख सुनावणीत वारंवार झाला. जो बर्लिंजर आणि ब्रूस सिनोफ्स्की यांनी ‘पॅराडाइज लॉस्ट’ (१९९६) आणि त्यानंतरच्या दोन भागांतून हे प्रकरण लावून धरले. मेटालिका या प्रसिद्ध मेटल बँडने आपले संगीत त्यासाठी वापरू दिले. २०११ मध्ये तिघेही सुटले, तोवर अठरा वर्षे तुरुंगात गेली होती. एखाद्या माणसाच्या सुटकेला हातभार लावणारे माहितीपट मोजकेच असतील. हे त्यांतले आहेत.

सॅम डन हा कॅनडाचा मानवशास्त्राचा अभ्यासक आणि लहानपणापासूनचा मेटलचाहता. ‘मेटल: अ हेडबँगर्स जर्नी’ (२००५) हा त्याने सहकाऱ्यांसोबत केलेला चित्रपट म्हणजे एका चाहत्याने आपल्याच जमातीत केलेले क्षेत्रीय काम आहे. त्यात संगीताच्या शाखांची वंशावळ आहे, स्त्रियांविषयी आणि धर्माविषयी अडचणीचे प्रश्न आहेत, आणि नॉर्वेत काही मेटल कलाकारांनी केलेल्या चर्चच्या जाळपोळीचा विषय टाळलेला नाही. गॉरगॉरॉथ या नॉर्वेच्या बँडचा ‘गाल’ नावाचा गायक हातात वाइनचा पेला धरून बसलेला असतो. तुमच्या संगीतामागचा विचार कोणता, असे विचारल्यावर तो बराच वेळ गप्प राहतो आणि एकच शब्द उच्चारतो, ‘सैतान’. प्रश्नकर्ता त्यावर हसत नाही आणि घाबरतही नाही. आधीच्या वीस वर्षांतील चित्रपटांपेक्षा हा वेगळा ठरतो तो इथे.

डनचा पुढचा चित्रपट, २००८चा ‘ग्लोबल मेटल’, ब्राझील, जपान, चीन, इंडोनेशिया, इस्रायल, दुबई आणि भारतात फिरतो. आयर्न मेडनच्या दौऱ्यावरचा ‘फ्लाइट ६६६’ तर मुंबईतूनच सुरू होतो; १ फेब्रुवारी २००८च्या त्या मैफलीला बँडचा गायक ब्रूस डिकिन्सन स्वतः विमान चालवत आला होता. या सर्वांत मला सर्वाधिक वजनदार वाटतो तो ‘हेवी मेटल इन बगदाद’ (२००७). अॅक्रॅसिकाउडा या इराकी बँडला सद्दामच्या काळात कार्यक्रमाच्या परवानगीसाठी त्याच्या स्तुतीचे गाणे वाजवावे लागले, युद्धात तालमीची जागा उद्ध्वस्त झाली, आणि निर्वासित म्हणून दमास्कसला आल्यावर वाद्येही विकावी लागली. बोट्सवानातील ‘मार्च ऑफ द गॉड्स’ (२०१४) हाही पाहण्यासारखा आहे. गुराढोरांच्या त्या कोरडवाहू मुलुखातले मेटलचाहते भर उन्हात नखशिखांत चामड्यात वावरतात.

मराठवाड्यातल्या एखाद्या फिल्म सोसायटीला हा विषय लावायचा असेल, तर आरंभ वाहनतळावरच्या सतरा मिनिटांनी करावा, नंतर बगदाद दाखवावे. स्पायनल टॅप सर्वांत शेवटी ठेवलेला बरा, कारण ज्याची थट्टा चालली आहे ते आधी ठाऊक असल्याशिवाय त्यातला अर्धा विनोद हातून निसटतो.