दिवाणी अपील मुदतीत दाखल करताना: ३० दिवस, नक्कल आणि विलंब माफी

जळगाव, धुळे, नंदुरबारकडे बांधाचे, वाटणीचे दावे वर्षानुवर्षं चालतात. निकाल विरोधात गेला की अपील करायचं ठरतं, पण बरीच अपिलं गुणदोषावर ऐकलीच जात नाहीत, मुदतीतच अडकतात.

दिवाणी न्यायाधीशांच्या निकालावर जिल्हा न्यायालयात अपील करायला ३० दिवस मिळतात. उच्च न्यायालयात, म्हणजे आपल्यासाठी औरंगाबाद खंडपीठात, ९० दिवस. हे दिवस निकालाच्या तारखेपासून धावतात, निकालाची नक्कल, म्हणजे कोर्टाची सही-शिक्क्याची प्रत, हातात पडल्यापासून नाही. सगळ्यात जास्त लोक इथेच फसतात.

नक्कल मिळवण्यात गेलेला वेळ वजा होतो, पण अर्ज केल्यापासून नक्कल तयार होईपर्यंतचाच. समजा निकाल ५ मार्चचा. मुदत ४ एप्रिलला संपते. नकलेचा अर्ज १० मार्चला दिला, नक्कल २४ मार्चला तयार झाली, तर १५ दिवस वाढून १९ एप्रिल. नक्कल १५ एप्रिलला जाऊन उचलली तरी मुदत १९ एप्रिलच. तयार नक्कल कोर्टाच्या नक्कल विभागात पडून राहिली ते दिवस तुमच्या खात्यातून जातात. म्हणून नकलेवरच्या शिक्क्यातल्या तारखा नीट वाचा. ‘हुकूमनामा (निकालावरून कोर्ट काढतं तो औपचारिक आदेश, डिक्री) तयार झाला की अर्ज देऊ’ म्हणून थांबू नका, अर्जाआधी हुकूमनामा तयार व्हायला लागलेला वेळ धरत नाहीत. निकाल लागला त्याच दिवशी अर्ज द्या. शेवटच्या दिवशी कोर्टाला सुट्टी असेल तर कोर्ट उघडेल त्या दिवशी दाखल करता येतं.

मुदत टळलीच तर अपिलासोबतच विलंब माफीचा अर्ज आणि शपथपत्र लागतं. ‘आजारी होतो’, ‘कापूस वेचणी चालू होती’ एवढ्यावर भागत नाही. दवाखान्याचं डिस्चार्ज कार्ड जोडा आणि त्यावरच्या तारखा उशिराच्या दिवसांशी जुळतात का ते बघा. ऊसतोडीला गेला होतात तर मुकादमाचा किंवा कारखान्याचा काही कागद शोधा. विलंब माफ होईपर्यंत स्थगिती, म्हणजे निकालाची अंमलबजावणी थांबवणारा आदेश, सहसा मिळत नाही, आणि तेवढ्यात समोरच्याची दरखास्त (निकाल अमलात आणण्याचा अर्ज) दाखल होऊन बेलिफ, म्हणजे कोर्टाचा माणूस, शेतावर येऊ शकतो. नुसतं अपील दाखल केल्याने ताबा थांबत नाही, स्थगितीचा वेगळा अर्ज करावा लागतो.

बाकी कागद साधे: अपिलाचा मेमो, निकालाची सही-शिक्क्याची नक्कल, वकीलपत्र, कोर्ट फी. फी कमी पडली तर कोर्टाच्या परवानगीने भरता येते.

मयत पक्षकाराचं मात्र जपा. दाव्यातला एखादा काका निकालानंतर वारला आणि अपील त्याच्याच नावाने केलं, तर मोठी अडचण होते. सगळे वारस लावा, लग्न होऊन सुरतला गेलेल्या बहिणीसुद्धा. अपील चालू असताना कोणी वारलं तर वारस लावायला ९० दिवस असतात. ते चुकले तर त्याच्यापुरतं अपील आपोआप संपतं, मग ते संपणं रद्द करून घ्यायला आणखी ६० दिवस. कार्यालयाने त्रुटी काढल्या तर दिलेल्या तारखेच्या आत त्या दूर करा. वकिलांवर सोपवून घरी बसून चालत नाही. केसचा सीएनआर क्रमांक (प्रत्येक केसला मिळणारा वेगळा नंबर) घेऊन ई-कोर्ट्स ॲपवर आठवड्याला बघत जा.

वकिलाचा खर्च झेपत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा. महिलांना आणि अनुसूचित जाती-जमातींच्या लोकांना मिळकतीची अट न लावता मोफत वकील मिळतो. पण तो मिळेपर्यंत नकलेचा अर्ज थांबवू नका, तो तुम्ही स्वतः देऊ शकता.