ठोंबाची गवते

ठोंबाची गवते : एकाच बुडख्यातून दाट फुटवे येऊन झुपक्याने वाढणारी आणि वर्षानुवर्षे त्याच जागी टिकणारी बहुवर्षायू गवते. हरळी जमिनीवर पसरत जाते, तिच्या कांड्याकांड्याला मुळे फुटतात. ठोंबाचे गवत मात्र जागा सोडत नाही. दर पावसाळ्यात बाहेरच्या कडेने नवे फुटवे देत त्याचा घेर वाढतो.

सोलापूर जिल्ह्यात ती माळ, गायरान, बांध आणि ओढ्याकाठी आढळतात. शेडा व पवना (सेहिमा वंशातील), मारवेल (डायकँथियम ॲन्युलॅटम), डोंगरी (क्रायसोपोगॉन फल्वस), कुसळी (हेटरोपोगॉन कंटॉर्टस) आणि अंजन (सेंक्रस सिलिॲरिस) ही त्यांतली मुख्य. दबडघाव व शंकरनारायण यांनी १९७३ मध्ये भारतातील गवताळ प्रदेशांचे पाच प्रकार पाडले. त्यांपैकी दख्खनचा प्रकार ‘सेहिमा–डायकँथियम’ या नावाने ओळखला जातो. शेडा आणि मारवेल या दोन ओळखीच्या गवतांचीच ती वंशनामे.

सोलापूरचा बराच भाग पर्जन्यछायेत आहे. पाऊस कमी, तोही लहरी, आणि त्याचा मोठा वाटा सप्टेंबरात. माळावर मुरमावर जेमतेम वीतभर माती असते, खाली काळा कातळ. अशा जागी तगण्याची या गवताची रीत साधी आहे. वाढीचा कोंब शेंड्याला नसून बुडाशी, जमिनीलगत, जुन्या पात्यांच्या वेष्टनात दडलेला असतो. म्हणून वरचे पाते जनावराने खाल्ले, विळ्याने कापले किंवा उन्हाने वाळले तरी ठोंब जिवंत राहते. उन्हाळ्यात पारा चाळिशीपार जातो तेव्हा माळ मेल्यासारखा पिवळा दिसतो. वळवाच्या एक-दोन चांगल्या सरी झाल्या की काही दिवसांतच त्याच वाळक्या काड्यांच्या बुडातून हिरवी टोके वर येतात.

खरे काम जमिनीखाली चालते. तंतुमय मुळांचे जाळे मुरमाच्या फटींत शिरते आणि माती धरून ठेवते. दरवर्षी काही मुळे मरतात, कुजतात. त्यांच्या पोकळ्यांतून पाणी खाली झिरपते आणि सेंद्रिय कर्ब मातीतच राहतो. उतारावरून धावणारे पाणी प्रत्येक ठोंबापाशी अडते, गाळ टाकते. जुन्या ठोंबाच्या वरच्या अंगाला मातीचा छोटासा ओटा तयार झालेला असतो, तो याच गाळाचा. बांधावर वाळा लावतात तोही याच गुणासाठी.

कुसळीचे बी जवळून पाहण्यासारखे आहे. खाली सुईसारखे टोक, त्यावर मागे वळलेले बारीक केस, आणि वर पीळ पडलेले लांब, वाकडे कुसळ. तळहातावर ठेवून त्यावर पाण्याचा थेंब सोडला की ते हळूहळू फिरू लागते. ओलीने पीळ सुटतो, सुकताना पुन्हा बसतो; या उलटसुलट फिरण्याने बी मातीत रुतत जाते आणि मागे वळलेले केस त्याला बाहेर येऊ देत नाहीत. मेंढीच्या लोकरीतून कातडीपर्यंत शिरते तेही असेच. त्यामुळे कुसळी फुलोऱ्याआधी, कोवळी असतानाच चारायची किंवा कापायची.

ठोंबे एकमेकांपासून सुटी असतात आणि मधल्या उघड्या जागेला जीवसृष्टीच्या दृष्टीने मोठे मोल आहे. चंडोल ठोंबाच्या आडोशाला जमिनीवरच घरटे करतो. तितर, पखुर्डी, धाविक याच मोकळ्या पट्ट्यांतून फिरतात. काळवीट चरते, खोकड उंदरांच्या मागावर असते, लांडगी उंच गवताच्या आडोशाने पिल्ले वाढवते. माळढोक तर मादी सहसा एकच अंडे घालणारा पक्षी, आणि तेही उघड्या जमिनीवर. त्याच्यासाठी १९७९ मध्ये सोलापूर व अहमदनगर (आता अहिल्यानगर) जिल्ह्यांत अभयारण्य जाहीर झाले. सोलापूरजवळचे नान्नज हे त्याचे सर्वांत परिचित ठिकाण. तेथे आज माळढोकाचे दर्शन अतिदुर्मीळ झाले आहे.

अतिचराई झाली की चवदार गवते आधी जातात. शेडा, पवना, मारवेल फुटायच्या आत पुन्हापुन्हा खाल्ली गेल्याने मुळे उपाशी पडतात. त्यांच्या जागी आधी कुसळी वाढते, मग अरिस्टिडा वंशाची एकवर्षायू, निकस गवते येतात, आणि शेवटी नुसता मुरूम उघडा पडतो. माळावर नांगर फिरला तर नुकसान एका दिवसात होते. याहून वाईट म्हणजे माळाला ‘पडीक’ ठरवून त्यावर गिरिपुष्पासारखी झाडे दाटीने लावणे. हेतू चांगला असला तरी सावलीत ही गवते खुरटतात आणि उघड्या जागेची सवय असलेले पक्षी-प्राणी निघून जातात. हिरवळ वाढली एवढ्यावरून माळ सुधारला असे म्हणता येत नाही.

मोडलेला माळ पुन्हा उभा करता येतो, पण सावकाश. बियाणे हलके व केसाळ असल्याने वाऱ्याने उडते. म्हणून ते ओलसर माती-शेणखतात कालवून पावसाच्या तोंडावर टाकतात. मारवेलसाठी जुने ठोंब उपटून, मुळांसह फुटवे वेगळे करून लावणे अधिक खात्रीचे. राहुरीच्या महात्मा फुले कृषी विद्यापीठाने त्याचा ‘फुले मारवेल-०६-४०’ हा वाणही दिला आहे. लावणीनंतर पहिल्या पावसाळ्यात तेथे जनावर सोडायचे नाही. बी पिकून गळाले की मगच विळा लावायचा, तोही बुडापासून चार बोटे वर.